एकोणीस थरांची गार

स्वरदानं तापलेल्या तारेनं गार मधोमध कापली, अर्धा तुकडा खिडकीतल्या उजेडाकडे धरला आणि आतले पांढरे थर मोजले. एकोणीस. दुसऱ्या तुकड्यातही एकोणीसच.

कवठाएवढी ती गार सकाळी देवळीच्या रस्त्यावर पडली होती. तिथला कडुनिंब मुळापासून शेंड्यापर्यंत बर्फाचा झाला आणि नऊच्या उन्हात वितळून नालीतून वाहून गेला. या वादळाची रीतच तशी होती. त्याची गार पडताना ज्याला लागे, ते गारेचं होई; एकदा पडली की ती साध्या बर्फासारखीच. आणि ही नुसती कडेची गार. मुख्य वादळ देवळीपलीकडे होतं, दुपारी दोनला ते हिवरगडावर पोचणार होतं. शहरात साठ हजार माणसं होती आणि पालिकेच्या वेधशाळेत निर्णय देणारी ती एकटी, इथंच वाढलेली.

शहराचा गारपगारी रामाजी तेव्हा मनोऱ्याच्या पायरीवर बसून होता. ढग आले की मनोऱ्यावर चढायचं, मूठभर ज्वारी त्यांच्या दिशेनं फेकायची आणि त्यांना परत पाठवायचं, हे गारपगाऱ्याचं काम. सुगीला घरोघरून त्याला सुपभर धान्य मिळे. रामाजीनं एकोणीस वर्षं शहरावर एक गार पडू दिली नव्हती.

स्वरदाला खटकलं ते हेच. गारेवर थर एकदम चढत नाहीत. ती माघारी ढकलली जाते, तेव्हा एकेक चढतो. म्हणजे एकोणीस वादळं आलीच नव्हती. एकच आलं होतं, एकोणीस वेळा, आणि दर वेळी मोठं होऊन. भीती टिकली तरच गारपगाऱ्याचा मान टिकतो, हेही तिला दिसत होतं.

ती मनोऱ्यापाशी पोचली तेव्हा नगराध्यक्ष हिरालाल आणि पन्नासेक माणसं रामाजीला घेरून उभी होती.

"याची बायको काल पुलगावले गेली, बकरीसकट," गर्दीतली अनुसयाबाई म्हणाली. "बकरीले सांगतलं यानं, आमाले नाई."

"गुडघे धरले तिचे," रामाजी म्हणाला. "पेवात उतरता आलं नसतं तिले."

स्वरदा थबकली. शहराखालच्या धान्याच्या जुन्या दगडी पेवांत माणसं उतरवायची, हे तिनं वाटेत ठरवलं होतं आणि अजून कोणालाही सांगितलं नव्हतं.

तिनं गारेचा तुकडा पुढे केला. "हे दर वर्षी तेच वादळ आहे. तुम्हाला माहीत होतं?"

"होतं, मॅडम."

गर्दीत कुजबुज झाली. हिरालालनं हात वर केला. "ते मंग पाहू. आधी याले वर चढू द्या. फिरवू दे."

"नाही," स्वरदा म्हणाली. "आजची गार जमिनीत दोन हात खोल जाते. पेवं आठ हात खोल आहेत. पुढच्या वर्षीच्या गारेबद्दल मी असं सांगू शकणार नाही. आज पडू द्यायची."

"घरं जातील, मॅडम," हिरालाल म्हणाला. "सारं शहर जाईल."

"जाईल."

तिला वाटलं होतं, रामाजी वाद घालेल. त्यानं कमरेची ज्वारीची पिशवी सोडून पायरीवर ठेवली आणि म्हातारी माणसं कुठं आहेत ते विचारायला लागला. इतक्या सहज कबूल होणाऱ्या माणसावर तिचा अजिबात विश्वास बसला नाही. दोनच्या आत सगळं शहर पेवांत उतरलं; तिथं तिनं त्याला नजरेसमोर बसवलं.

वादळ चाळीस मिनिटं पडत होतं. वरून तडतड ऐकू आली नाही. कोणीतरी एकेक भांडं हलकेच उपडं घालावं, तसा आवाज येत राहिला. मग थांबला. माणसं वर आली तेव्हा लख्ख ऊन होतं आणि हिवरगड पारदर्शक झालं होतं. घरांच्या भिंतींतून आतल्या खाटा दिसत होत्या, खाटांमधून पलीकडचा रस्ता. बसस्थानक, शाळा, वेधशाळा, सगळ्यांच्या कडा ओल्या होऊन चमकत होत्या. माणूस एकही गेलं नव्हतं. मग मनोरा ठिबकायला लागला.

"लहान होतं तवा काऊन नाई पडू देल्लं?" हिरालालचा आवाज चिरका झाला होता. "छपराचे चार कवेलू गेले असते. बोल ना."

रामाजीनं एकदा स्वरदाकडे पाहिलं आणि मान खाली घातली. "माहं चुकलं, भाऊ."

"शहर तर राह्यलं नाई," हिरालाल म्हणाला, "पण तू बी राहू नको आता."

रामाजी पुलगावच्या रस्त्याला लागला. कोणी त्याला अडवलं नाही. पायाखालून शहर वाहत होतं, घोटाभर, गार. स्वरदा त्याच्या मागे गेली. त्यानं टाकलेली ती एक नजर तिला सोडत नव्हती. धमकी म्हणावी तर तशी नव्हती, आणि माफी मागणाऱ्याची तर नव्हतीच. शेवटच्या घरापाशी तिनं त्याला गाठलं.

"चुकलं म्हणजे नेमकं काय? पहिल्या वर्षी ती केवढी होती?"

"हरभऱ्याएवढी."

"मग पडू द्यायची होती. सगळे घरात असतात गारांच्या वेळी."

"दुसऱ्या साली बोराएवढी झाली. मंग छाती झाली नाई."

"मी पहिल्या वर्षाचं विचारते आहे. काऊन फिरवली?"

रामाजीनं मागे वळून पाहिलं. माणसं ऐकण्याच्या अंतरावर नव्हती.

"सारे घरात होते, पोरी. तू एवढीशी, एकटी गच्चीवर गार झेलाले ताट मांडून बसली होती. दोनदा हाका मारल्या म्या. तू म्हणे, पयली गार मोजल्याबिगर मी खाली येत नाई."