पप्पांचा व्यायाम

आमच्या ह्यांचं पोट आधीपासूनच वाढलेलं, यंदा शुगरही वाढली. भोकरदनचे डॉक्टर म्हणाले, "गोळी वाढवायच्या आधी रोज संध्याकाळी पोरीसोबत मैदानात खेळा. पळा, घाम काढा. महिन्याने बघू."

ह्यांनी लगेच मनावर घेतलं. पांढरे बूट आले, ट्रॅकसूट आला, प्रांजलच्या नावाने बॅट आली. हसनाबादच्या शाळेमागे बापलेकीचं क्रिकेट सुरू झालं. शेजारच्या कपाशीत गेलेला बॉल आणून आणून आमची प्रांजल अशी काटक झाली, की शाळेच्या शर्यतीत पहिली आली. आणि हे? हे घरी येऊन "लई थकलो आज" म्हणायचे आणि एक भाकरी जास्त खायचे. खेळाडू माणूस, नको कसं म्हणणार?

महिन्याने डॉक्टरांनी ह्यांना काट्यावर उभं केलं. वजन वाढलेलं, शुगर होती तिथेच.

"खेळता ना रोज?"

"बिलकुल! एक दिवस खाडा न्हाई. पोरीलाच इचारा."

डॉक्टर प्रांजलकडे वळले. "काय गं, पप्पा पळतात की नाही?"

 

"ते कशाला पळतील? महिना झाला, त्यांचीच बॅटिंग चालूये. अन् अंपायर बी तेच हायेत."