शुक्रवारची शेती

“नावावर साडेतीन एकर दिसतात. पण तुम्ही स्वतः वाहता किती?” मोजणीला आलेल्या मॅडमनी विचारलं आणि टॅबवर बोट टेकवलं.

श्रावणनं बायकोकडे पाहिलं. कुंताबाईनं डोळ्यांनीच ‘कमी सांगा’ म्हटलं.

“सव्वा,” श्रावण म्हणाला. “बाकीची भावाले देली वाहाले.”

कृषी गणना आली की करडी गावातला माणूस एकाएकी गरीब होतो. मोठ्या खातेदारांत नाव गेलं की योजना बंद, अशी कंडी गावात कोणीतरी पिकवली होती. राज्यात शेतं किती, त्यातली लहान किती, मोठी किती, एवढंच सरकारला मोजायचंय, असं मॅडमनी दोनदा समजावलं. श्रावणनं दोन्ही वेळा मान डोलावली आणि पुढचं उत्तरही खोटंच दिलं. पंप? बंद पडलाय. गोठ्यातल्या म्हशी? साळ्याच्या, चार दिवसांसाठी बांधल्यात. मागच्या शेतातून पंपाचा आवाज खणखणीत येत होता. मॅडमनी तो ऐकल्याचं दाखवलं नाही.

तशी त्या घराला खरी काळजी वेगळीच होती. मुलगा प्रफुल्ल बत्तीसचा झाला होता. अंगानं धडधाकट, व्यसन नाही, पण पाच स्थळं हातची गेली होती. शेती करतो म्हटलं की मुलीकडचे चहाचा कप खाली ठेवत. आता सुखराम मध्यस्थानं कोंढ्याचं सहावं स्थळ आणलं होतं. मुलीचा फोटोसुद्धा मिळाला नव्हता. मुलीचा बाप रविवारी घर, शेत पाहणार आणि मग पुढचं बोलणार होता. हेही हुकलं तर पोरगा तसाच राहणार, ही धास्ती कुंताबाईला लागली होती.

माहिती भरून मॅडम निघाल्या. प्रफुल्ल त्यांच्या स्कूटीपर्यंत गेला आणि तिथंच अडून उभा राहिला.

“मॅडम, ते सव्वा खोडा. साडेतीन वाह्यतो आमी. पंप चालू हाय, म्हशीबी आमच्याच हायेत. आईबाबा सरकारले भेतेत.”

“मग तुम्ही कशाला सांगता?”

“मोजाले आल्या न तुमी. खोटं मोजून कोणाच्या कामाचं?”

मॅडमनी शेत बघायचं म्हटलं. धान कापून झालेल्या बांद्यांमध्ये, म्हणजे भातखाचरांत, लाखोरीचं कडधान्य हिरवंगार उभं होतं, धुऱ्याच्या बांधावर तूर. अर्ध्या एकरात प्रफुल्लनं स्वतः वांगी लावली होती. ती दाखवताना त्याला इतका हुरूप चढला, की बोलण्याच्या नादात तो एका वाफ्यात घोट्यापर्यंत रुतला. मॅडम हसल्या. बुटीबोरीच्या कंपनीतली नोकरी सोडून आल्याचं त्यानं सांगितलं, तेव्हा परत का आलात, असं त्यांनी विचारलं. तिथं दोन वर्षं दुसऱ्याचं घड्याळ पाहून उठलो, इथं आपल्या मनानं उठतो, तेही आधीच, असं प्रफुल्ल म्हणाला. ते उत्तर त्यांनी टॅबवर लिहिलं नाही. सव्वाचे साडेतीन मात्र केले.

घरी हे कळलं तेव्हा श्रावण दिवसभर पोरावर धुसफुसत राहिला.

रविवारी त्याच घराचा थाट पालटला. शेजारच्या मंगरूचा ट्रॅक्टर पहाटेच अंगणात येऊन उभा राहिला. गोठ्यात दोनाच्या पाच म्हशी झाल्या. त्यातल्या तीन परक्या जागी सारख्या हंबरत होत्या. प्रफुल्लला ताकीद मिळाली होती, की आज तोंड उघडायचं नाही.

मुलीचे वडील सुखरामबरोबर आले. शांत माणूस. त्यांनी ट्रॅक्टर पाहिला, म्हशी पाहिल्या, चहा घेतला. शेती किती, हे त्यांनी विचारायच्या आतच श्रावणनं सांगून टाकलं.

“सात एकर, पाव्हणे. पुरी ओलिताची.”

प्रफुल्लचा चेहरा उतरला. त्यानं आईकडे पाहिलं, मग पाहुण्यांकडे.

“साडेतीन हाय, काका,” तो म्हणाला. “ट्रॅक्टर मंगरूकाकाचा हाय. माफ करा.”

कुंताबाईनं पदर तोंडाला लावला. सहावं स्थळही गेलं, हे तिला कळून चुकलं. श्रावण पोराकडे असा बघत होता, की पाहुणे नसते तर त्यानं चप्पलच काढली असती. सुखराम घसा खाकरून दाराकडे बघू लागला.

पाहुण्यांनी कप खाली ठेवला.

“मले ठाऊक हाय, श्रावणभाऊ. आमची रुचिका शुक्रवारी टॅब घेऊन येऊन गेली न तुमच्या घरी. साडेतीन तिनंच लिवले, वांगीबी पाहून आली, अन् तवापासून मले तारीख काढाले लावून राहिली हाय.”