ओला ताणा

इत्तोला जाग आली तेव्हा माग ओला होता.

डोळ्यांत अजून दुपारची झोप होती, म्हणून आधी तिला वाटलं छत गळलं. पण छत कोरडं ठणठणीत होतं. उभ्या धाग्यांवर थेंब लोंबत होते, घोंगडीची कड भिजून काळपट पडली होती. तिनं छातीवर हात ठेवला. तिथंही गार लागत होतं.

ॲटलसच्या या डोंगरात मागावर पाणी शिंपडतात ते एकाच वेळी, विणलेलं कापून उतरवायच्या आधी. उभ्या धाग्यांचा ताणा चढवला की मागात जीव येतो, कापला की जातो. म्हणून मरणाऱ्याच्या तोंडात घालतात तसं त्यालाही दोन थेंब पाणी. बायका पिढ्यान्‌पिढ्या हे मानत आल्या होत्या. इत्तोच्या मागाबाबत मात्र ते नुसतं मानणं नव्हतं.

गेलेली वेळ विणता येईल असा, धागे ठोकायचा लोखंडी पंजा तिनं स्वतःच्या डोक्यानं घडवला होता. कुणी येऊन आपला एखादा सुखाचा प्रहर सांगायचा, तिनं तो पंज्यानं लोकरीत ठोकून बसवायचा. घोंगडी अंगावर घेतली की तो प्रहर पुन्हा जगता येई. आडवे धागे लोकांच्या वेळेचे, उभे तिच्या स्वतःच्या आयुष्याचे, कारण दुसऱ्या कशालाच ती वेळ धरून ठेवता येत नसे. या मोठ्या घोंगडीत अख्ख्या गावाचे प्रहर होते, आणि ताण्याला इत्तोनं आपले उरलेले सगळे दिवस लावले होते. घोंगडी कापली की इत्तो संपली. हे फक्त एकीला ठाऊक होतं, निदान इत्तोचा तसा समज होता.

ती एक, रबहा, मागाशेजारी उभी होती. एका हातात पाण्याचा वाडगा, दुसऱ्यात सुरी. आईवेगळी ही पोर इत्तोनं शेळीच्या दुधावर वाढवली होती, पुढं हात धरून मागावर बसवली होती.

"उठायला नको होतंस, यम्मा," रबहा म्हणाली. "झोपेतच झालं असतं."

मग तिनं सगळं सांगून टाकलं. सुलतानाचा अंमलदार ओढ्यापलीकडं तंबू ठोकून बसला होता. त्याला घोंगडी हवी होती. ती मिळाली तर खालची कुरणं गावाला मोकळी, नाही तर नाही. यंदा बर्फ वितळायचं नाव घेत नव्हतं आणि मेंढ्या उभ्या उभ्या कोसळत होत्या.

"मला विचारलं असतंस तर मीच कापली असती."

"आणि नाही म्हणाली असतीस तर?"

इत्तोनं दुसरंच विचारलं. "विणली कुणी म्हणून सांगणार त्याला?"

रबहानं मान खाली घातली. "मी. मेलेल्या बाईच्या हातचं तो अंगाला लावून घेत नाही."

मरण इत्तोनं सोसलं असतं, वय झालंच होतं. पण पंजाही रबहाचा, घोंगडीही रबहाची, आणि इत्तो कुणीच नाही, हे तिला सोसवेना. त्यात पोरीनं पाणी किती निगुतीनं शिंपडलं होतं, शिकवलं होतं अगदी तस्सं. केसानं गळा कापणं म्हणतात ते हेच, तिच्या मनात आलं. तिला भयंकर राग आला.

"गाव तुला असं करू देणार नाही," ती म्हणाली. "हद्दाच्या लग्नाची सकाळ आहे यात. फासकाच्या बापाचा शेवटचा सण आहे. हाका मारते मी त्यांना."

रबहानं तिला अडवलं नाही. ती नुसती भिंतीकडे बघत राहिली.

हाक मारायला इत्तोनं तोंड उघडलं आणि तेव्हा तिला ते ऐकू आलं. मातीच्या भिंतीपलीकडं बायका हलक्या आवाजात कलमा म्हणत होत्या. घोंगडी कापताना म्हणतात तोच. ते कापणं पुरुषांनी बघायचं नसतं, म्हणून त्यांना केव्हाच रानात पाठवलेलं असणार. फासका होती, तिच्या दोन्ही सुना होत्या, आणि सगळ्यांच्या पुढं हद्दा. तिचा घोगरा आवाज इत्तोनं हजारात ओळखला असता. नवरा गेल्यापासून हीच हद्दा उंबऱ्याशी बसून रडायची आणि तिची ती सकाळ इत्तोनं आपल्या दिवसांवर विणून दिली होती. गरज सरो, वैद्य मरो.

इत्तो मागे सरकून भिंतीला टेकली. तिनं डोक्यावरचा रुमाल नीट केला.

"हद्दाला सांग, जरा मोठ्यानं म्हण म्हणावं. मला हल्ली कमी ऐकू येतं."

रबहाला सांगावं लागलं नाही. बाहेरचे आवाज एकदम थांबले.

मग कलमा पुन्हा सुरू झाला, थोडा मोठ्यानं.