मालकाचे हात

खाणमालक एर्कोलानोनं झिजलेला दोर बदलला नाही, म्हणून आर्जियाचा नवरा दगडाखाली चिरडून मेला. त्याला वर्ष व्हायच्या आत त्याच मालकाचा संगमरवरी पुतळा घडवायचं काम तिच्या शिल्पकार दिरानं, ओलिंतोनं घेतलं. अख्खं कारारा गाव तिच्या तोंडावर हसलं.

ती तरातरा त्याच्या कारखान्यात गेली. "भावोजी, सख्खा भाऊ खाल्ला त्यानं, आणि तुम्ही त्याची नखं कोरताय?"

"हातांवरच खरी मेहनत आहे, वहिनी," तो मान वर न करता म्हणाला. "दगडही मीच शोधून आणलाय. पोटात लोखंड आहे म्हणून खाणीत टाकून दिला होता."

"मग असला कशाला घेतला?"

"तीन हिवाळे जाऊ द्या."

आर्जिया त्याच्या उंबऱ्यावर थुंकली आणि त्यानंतर त्याच्याशी एक शब्द बोलली नाही.

चौथ्या वर्षी भर चौकात गर्दी जमली. पुतळा नखशिखांत पांढराशुभ्र होता, फक्त दोन्ही हातांतून तांबडे ओघळ थेट बुटांपर्यंत उतरले होते. गडी घासून घासून दमला होता.

"हे निघत कसं नाही रे?" एर्कोलानो ओलिंतोवर खेकसला.

"आतलं लोखंड गंजतंय, मालक. जितकं पाणी घालाल, तितकं लाल उतरणार."

गर्दीतून वाट काढत आर्जिया पुढे आली. तिनं गड्याच्या हातातली बादली घेतली.

"सरा मालक," ती म्हणाली. "रोज येऊन मी धुईन."