सायीसकट

लिफ्ट तिसऱ्या आणि चौथ्या मजल्याच्या मध्येच थांबली. दिवाकरमामांनी आधी केसांवरून हात फिरवला. छताच्या कोपऱ्यात कॅमेरा होता, आणि कॅमेरा दिसला की हात केसांकडे जायची सवय अजून सुटली नव्हती.

“वीज गेली वाटतं,” उज्वला म्हणाली. वय पन्नाशीपुढचं, खांद्याला पिशवी. मामांना घ्यायला खाली तीच आली होती.

दिवा चालू होता. पंखाही फिरत होता.

“ते बॅटरीवर चालतं, मामा.”

वर गच्चीत मामांचा सत्कार होता; तिथली सनई इथवर ऐकू येत होती. टीव्ही नवा होता तेव्हा त्यांनी ‘मामांची खिडकी’ हा मुलांचा कार्यक्रम गाजवला होता. त्यानंतर आयुष्यात मिळणारी ही पहिलीच शाल. आमदार ती मामांना पांघरवून लगेच एका लग्नाला पळणार होते, आणि द्वारका चौकातल्या सिग्नलने आधीच उशीर करून ठेवला होता.

“थांबतील ना हो आमदार?”

“राखी थांबवेल. माझी धाकटी बहीण. तुम्हाला फोन तिनंच केला होता.”

मामांनी घंटीचं बटण दाबलं. कुठेच काही वाजलं नाही.

“तुम्ही म्हणायचात ना, ‘दूध संपवा, मला इथून सगळं दिसतं’? आम्हाला खरं वाटायचं. राखी टीव्हीवर टॉवेल टाकून मग कपडे बदलायची. आईनं टॉवेल काढला की दोघी मुकाट्यानं दूध प्यायचो, सायीसकट. मला तर साय बघूनच उमासे यायचे.”

“बालपण रम्य असतं,” मामा म्हणाले. हे वाक्य त्यांनी सत्कारासाठी तयार करून आणलं होतं.

“असतं ना.” तिने पिशवीतून थर्मास काढून पेला भरला. वर जाड साय तरंगली. “घामाघूम झालात. घ्या, बरं वाटेल.”

“नको. मला दुधाचा वाससुद्धा सोसत नाही.”

“टीव्हीवर तर गटागटा प्यायचात.”

मामांनी आजूबाजूला पाहिलं. तिसरं कोणी नव्हतं. “खडू कालवलेलं पाणी असायचं ते. तेही नुसतं ओठाला लावायचो.”

उज्वला पेला तसाच पुढे धरून राहिली.

वरची सनई थांबली. आमदार निघाले असणार. मामांना दरदरून घाम फुटला.

“पिऊन टाका. तोवर होईल सुरू.”

मामांनी नाक दाबलं, डोळे मिटले आणि पेला तोंडाला लावला. खाली ठेवला तेव्हा डोळ्यांत पाणी होतं.

उज्वलाने छताकडे पाहिलं. “झालं गं, राखी. सोड आता.”

बटणांशेजारच्या जाळीतून आधी हशा आला, पन्नाशीतल्या गच्चीभर पोरांचा. मग राखीचा आवाज.

“आमदारसाहेब म्हणतात, साय तळाशीच राहिली, मामा. आम्हाला इथून सगळं दिसतं.”