मेहुण्याचा फोन

पडदा काळा पडलेला फोन काउंटरवर ठेवून मेहुणा उभा राहिला. मोबाइल दुरुस्तीच्या दुकानाची मालकीण असलेल्या ताईने मान वर केली आणि तिचा हात जागीच थांबला. धाकटी बहीण सात महिने माहेरी अंथरुणाला खिळली होती आणि हा गृहस्थ परगावी नोकरी धरून बसला होता. तिला स्मशानात पोचवून सगळे घरी परतले, तेव्हा हा उगवला. दीड वर्ष झालं, पण ताईच्या पोटातली आग विझली नव्हती. आणि आज स्वारी आपल्या पायांनी दुकानात!

पडदा गेलाय, पण आतलं सगळं काढून हवंय, असं तो म्हणाला. पुढे काही सांगू लागला, तोच ताईने त्याचं बोलणं तोडलं.

"आत काय आहे ते आम्ही विचारत नाही. बसा तिकडे."

तिने फोन केबलने संगणकाला जोडला. संगणकाला परवानगी द्यायला फोनचा पडदा लागतो, पण ती अडचण आली नाही. आजारी पडण्याआधी बहिणीनेच कधीतरी तो याच संगणकाला जोडून परवानगी देऊन ठेवली होती. ताईने कमांडची काळी खिडकी उघडली. दुकानाचा नियम तिचाच: आधी यादी बघायची, सगळं संगणकावर उतरवून घ्यायचं, मगच पुढचं. आज नियम गेला चुलीत. हा माणूस काहीतरी जिवापाड जपतोय, एवढं तिला पुरे होतं. कळू दे म्हणावं, जपलेलं हातचं जातं तेव्हा कसं होतं!

फोनमधलं सगळं पुसणारी एकच ओळ तिने लिहिली. माऊसने पुसायला गेलं की संगणक विचारतो, नक्की ना? कमांड विचारत बसत नाही. तिने बटण दाबलं. अर्ध्या मिनिटात काम झालं. कितीतरी दिवसांनी तिच्या जिवाला गार वाटलं.

"काही निघालं नाही," फोन पुढे सरकवत ती म्हणाली. "रिकामा आहे."

मेहुण्याने फोन उचलला नाही. 

"अंथरुणावरून ती मला रोज आवाज रेकॉर्ड करून पाठवायची," तो म्हणाला. "तुमच्या आईंनी काल फोन केला होता. डोळे मिटायच्या आत एकदा लेकीचा आवाज ऐकव म्हणाल्या. त्यांना आता काय सांगू, ताई?"