शेवट नसलेलं संगीत

दर एकशे चौदा सेकंदांनी बासरीचा तोच सूर परत येत होता. ऋजुताने घड्याळ लावून मोजलं होतं. तिचा नवरा मंदार शाळेपासून खेळत आलेल्या गेमचा हा नववा भाग होता, आणि त्यातल्या शेवटच्या राक्षसाशी तो जेवण झाल्यापासून लढत होता.

पाचवं आयव्हीएफ फसून आठवडा झाला होता. तिला रडूसुद्धा आलं नव्हतं. सहाव्यासाठी उद्या दवाखान्यात जायचं होतं.

"अरे, मार की त्याला एकदाचं! दत्तक घेतोयस का?" बोलून गेल्यावर तीच चपापली.

मंदार कसनुसं हसला. "मारला तर संगीत थांबेल ना."

"आपोआप नाही संपत ते?"

"नाही गं. लढाईच्या संगीताला शेवट बांधतच नाहीत. कुणीतरी मरेपर्यंत ते फिरत राहतं."

ऋजुताने पडद्याकडे नीट पाहिलं. मंदारचा वीर तलवार उचलतच नव्हता. मार खायचा, बाटलीभर औषध प्यायचा आणि पुन्हा मार खायला उभा राहायचा.

"मंदार," ती म्हणाली, आणि आपला आवाज इतका शांत कसा, याचंच तिला नवल वाटलं. "उद्या मी दवाखान्यात येणार नाही. बास झालं. सहावं नको मला."